आवाजावांचून गाजलेला नट

श्रोतेहो, नभोवाणीवर बोलणाऱ्या माणसाला चेहरा नसतो. आपण घरीं बसून त्याचा नुसता आवाज ऐकतां आणि त्यावरून त्याचें रूप, वय व स्वभाव यांची मनाशीं कल्पना करितां. आज ज्या नटाविषयीं मी बोलणार आहें त्यांची गोष्ट याच्या अगदीं उलट आहे. परदेशांतील कोट्यवधि प्रेक्षकांनीं त्यांचा चेहरा पाहिला आणि त्या चेहऱ्यावर मनापासून प्रेम केलें. परंतु ज्या मालिकेनें ही कीर्ति मिळवून दिली, तींत त्यांचा स्वतःचा आवाज त्या प्रेक्षकांच्या कानीं पडलाच नाहीं. या नटाचें नांव कबीर बेदी. आणि नवल असें कीं, या गृहस्थांची पहिली कमाई आवाजाचीच होती.

बेदी यांचा जन्म १६ जानेवारी १९४६ रोजीं लाहोर येथें झाला. वडील बाबा प्यारेलाल बेदी हे पंजाबी, डाव्या विचारांचे लेखक. आई फ्रेडा या इंग्लंडांतील डर्बी गांवच्या. ऑक्सफर्ड येथें शिकत असतां दोघांचा परिचय झाला, १९३३ मध्यें विवाह झाला, आणि फ्रेडाबाईंनीं हिंदुस्थान हाच आपला देश मानला. १९४१ सालच्या वैयक्तिक सत्याग्रहांत या इंग्रज स्त्रीनें कारावास पत्करिला. वडिलांनाहि राजपुतान्यांतील देवली येथील छावणींत स्थानबद्ध करून ठेविलें होतें. पुढें फ्रेडाबाई बौद्ध भिक्षुणी झाल्या. ही घरची हकीकत मुद्दाम सांगितली. कारण मुलाला ज्या भूमिकेनें मोठें केलें, ती इंग्रजी सत्तेशीं झुंजणाऱ्या एका आशियाई राजपुत्राची होती. आईबापांनीं जें खरोखरीच भोगलें, तें मुलानें पडद्यावर रंगविलें, असा हा योग आहे.

दिल्लीच्या सेंट स्टीफन्स कॉलेजांत शिकत असतांना तरुण बेदी आकाशवाणीकरितां काम करूं लागले. १९६६ च्या जुलैमध्यें 'बीटल्स' या नांवानें जगभर गाजलेली इंग्रज गायकमंडळी मनिलाहून परततांना दिल्लीस उतरली, तेव्हां त्यांची मुलाखत आकाशवाणीसाठीं घेणारा तरुण हाच. पुढें ते मुंबईस आले आणि जाहिरातींच्या धंद्यांत शिरले. तेथेंच नाटकाचा नाद जडला. गिरीश कार्नाड यांच्या 'तुघलक' या कानडी नाटकाचा इंग्रजी प्रयोग अलेक पदमसी यांनीं १९७० मध्यें मुंबईंत बसविला आणि त्यांत सुलतानाची भूमिका बेदींना दिली. ज्यांनीं तें नाटक वाचलें असेल त्यांना ठाऊक आहे कीं, तुघलक हें पात्र बोलण्यावर जगतें. लांबलचक स्वगतें, उपरोध, प्रार्थना, संताप, सारें कांहीं शब्दांतून आणि आवाजाच्या चढउतारांतून उभें करावें लागतें. बेदींचा धीरगंभीर खर्ज तेथें कामास आला. १९७१ मध्यें 'हलचल' हा त्यांचा पहिला हिंदी बोलपट निघाला. १९७३ मध्यें 'कच्चे धागे' आला. तथापि मुंबईच्या चित्रसृष्टींत पहिल्या रांगेचें स्थान त्यांना मिळालें नव्हतें. अशा वेळीं इटालियन मंडळी एका मालिकेसाठीं आशियाई नायकाच्या शोधांत मुंबईस आली.

ती मालिका म्हणजे 'सांदोकान'. तिचें महत्त्व कळण्यास प्रथम एमिलिओ साल्गारी या लेखकाची ओळख करून घेतली पाहिजे. आपल्याकडील वाचकांच्या कांहीं पिढ्या जशा अद्भुतरम्य कादंबऱ्यांवर वाढल्या, तशा इटलींतील मुलांच्या पिढ्या साल्गारीवर वाढल्या. त्याचा जन्म १८६२ मध्यें व्हेरोना येथें झाला. व्हेनिसच्या नौकाविद्यालयांतील त्याचा अभ्यास अपुरा राहिला, तरी तो स्वतःस 'कप्तान' म्हणवून घेई. बोर्नियो, सुंदरबन, कॅरिबियन समुद्र यांचीं वर्णनें त्यानें अशीं केलीं कीं, वाचणाऱ्यास वाटावें, हा गृहस्थ नुकताच तेथून आला आहे. प्रत्यक्षांत एड्रियाटिक समुद्रापलीकडे त्याचा प्रवास झालाच नव्हता. नकाशे, प्रवासवर्णनें आणि ज्ञानकोश हेंच त्याचें गलबत. ऐंशींच्या आसपास कादंबऱ्या लिहून प्रकाशकांची भरभराट केलेल्या या लेखकानें १९११ मध्यें तुरिन येथें विपन्नावस्थेंत आत्महत्या केली.

साल्गारीचा सांदोकान हा बोर्नियोचा एक पदभ्रष्ट राजपुत्र. इंग्रजांनीं त्याचें कुटुंब मारलें आणि राज्य घेतलें; म्हणून तो मोंप्राचेम नांवाच्या बेटावर चांचे जमवून त्यांचा सूड घेत असतो. 'मलायाचा वाघ' हें त्याचें बिरुद. त्याचा जिवलग मित्र यानेझ हा पोर्तुगीज, प्रेयसी मारियाना ही लाबुआन बेटावरील गोरी कन्या, आणि शत्रु जेम्स ब्रुक हा तर इतिहासांतील खरा पुरुष, सारावाकचा 'गोरा राजा'. याच कथामालेंत त्रेमल-नाईक नांवाचा एक बंगाली शिकारी आहे आणि त्याचा इमानी सोबती कम्मामुरी हा चक्क मराठा आहे! हें नांव महाराष्ट्रांत कोणाच्या ऐकिवांत असणार नाहीं. पण शंभर वर्षांहून अधिक काळ इटलींतील मुलांनीं 'मराठा' हा शब्द प्रथम ऐकला तो बहुधा या कम्मामुरीमुळेंच. सांगावयाचें तें इतकेंच कीं, हा सारा पूर्वेचा देखावा न पाहिलेल्या पूर्वेचा होता. दूरचित्रवाणीला आतां त्या कल्पनेंत बसेल असा हाडामांसाचा माणूस पाहिजे होता.

दिग्दर्शक सेर्जिओ सोल्लिमा यांनीं बेदींची निवड केली आणि मलेशियांत चित्रण झालें. पात्रांची वांटणी पाहण्यासारखी आहे. मलायी राजपुत्र झाला पंजाबी बाप व इंग्रज आई यांचा मुलगा. पोर्तुगीज यानेझ झाले फिलिप लेरुआ हे फ्रेंच नट. इंग्रज ब्रुक झाले आदोल्फो चेली हे इटालियन. एवढे निरनिराळ्या बोलीचे लोक एका दृश्यांत एकमेकांशीं बोलणार तरी कसे? त्याचें उत्तर इटलीच्या एका जुन्या कलेंत आहे, आणि तिच्याविषयीं थोडें विस्तारानें सांगितलें पाहिजे.

ही कला म्हणजे डबिंग, अर्थात् एकाच्या ओठांवर दुसऱ्याचा आवाज बसविणें. बोलपट सुरू झाले तेव्हां इटलींत मुसोलिनीची सत्ता होती. परभाषेंतील संभाषण पडद्यावर ऐकूं येऊं नये असा सरकारचा कटाक्ष होता. त्यामुळें १९३० नंतरच्या दशकांत बाहेरून आलेला प्रत्येक बोलपट इटालियन आवाजांत घोळून घेण्याची रीत पडली आणि ती सत्ता गेल्यावरहि टिकली. प्रेक्षकांना तिची संवय झाली; इतकी कीं, पडद्याच्या तळाशीं भाषांतराच्या ओळी वाचण्यापेक्षां त्यांना परका नट आपल्या भाषेंत बोललेला अधिक खरा वाटूं लागला. खुद्द इटालियन चित्रपटांतहि चित्रणाच्या जागींच आवाज टिपण्याची फारशी पर्वा केली जात नसे. जो तो नट आपापल्या भाषेंत बोले. आवाज मागाहून येई.

हें काम वरवर वाटतें तितकें सोपें नाहीं. प्रथम एक लेखक मूळ संवादांचें असें रूपांतर करतो कीं, अर्थ तर राहावा, पण जेथें मूळ नटाचे ओठ मिटतात तेथें नव्या वाक्यांतहि प, ब, म यांपैकीं एखादा ओष्ठ्य वर्ण यावा. वाक्य लांबलें तर ओठ थांबल्यावर आवाज उरतो; आंखूड पडलें तर ओठ हलतात आणि आवाज संपतो. मग अंधाऱ्या खोलींत चित्रपटाचा एकेक लहान तुकडा पुन्हां पुन्हां दाखवीत असतां, आवाजाचा नट त्या चेहऱ्याकडे टक लावून त्याच्याच श्वासाबरोबर बोलतो. हंसणें, खोकणें, धांवतांना लागलेली धाप, सारें त्याला नव्यानें करावें लागतें. म्हणजे हा दुसरा अभिनयच. फरक इतकाच कीं, पहिल्या नटानें आंखून दिलेल्या रेषेबाहेर त्याला पाऊल टाकतां येत नाहीं.

सांदोकानचा इटालियन आवाज पीनो लोक्की यांचा. जेम्स बाँडच्या वेषांतल्या शॉन कॉनरीलाहि हेच लोक्की आवाज देत. त्यामुळें इटालियन प्रेक्षकाच्या कानीं स्कॉटलंडचा नट आणि हिंदुस्थानचा नट एकाच कंठानें बोलत होते! जर्मनींत, स्पेनमध्यें मालिका गेली तेव्हां तेथें आणखी वेगळे आवाज आले. एका मुखाला देशोदेशीं निराळा कंठ मिळाला. फक्त त्याचा स्वतःचा कंठ मात्र कोठेंच नव्हता.

मग बेदींनीं त्या मालिकेंत केलें तरी काय? 'नुसता देखणा चेहरा दिला' असें कोणी म्हणेल, तर तो अन्याय होईल. आवाज काढून घेतल्यावर नटाजवळ उरतात ते डोळे, मानेचा डौल, चालण्याची ढब आणि स्तब्ध राहण्याची शक्ति. शब्द दुसरा कोणी उच्चारणार आहे हें ठाऊक असतांनाहि त्या शब्दामागची भावना चेहऱ्यावर पुरतेपणीं आणावी लागते. कारण ती तेथें नसेल तर मागाहून आवाज देणाऱ्याला पकडण्यास कांहींच सांपडत नाहीं. तुघलकाच्या स्वगतांवर तयार झालेल्या नटानें हें मौनाचें व्याकरण आत्मसात् केलें, हें त्याच्या कर्तबगारीचें लक्षण होय.

'सांदोकान'चे सहा भाग १९७६ च्या जानेवारीपासून 'राई' या इटलीच्या सरकारी दूरचित्रवाणीवर दाखविले गेले. अडीच कोटींहून अधिक लोक ते पाहत असत अशी नोंद आहे. आणि त्या वेळीं त्या देशाची एकंदर लोकसंख्या साडेपांच कोटींच्या आसपास होती. या यशाला काळहि अनुकूल होता. राष्ट्रव्यापी प्रक्षेपण सर्वस्वीं 'राई'च्या हातांत होतें आणि तिच्या दोनच वाहिन्या होत्या. त्याच वर्षाच्या जुलैमध्यें तेथील घटनान्यायालयानें स्थानिक खासगी केंद्रांना मोकळीक दिली आणि पुढें प्रेक्षक अनेक वाटांनीं पांगला. म्हणजे सारा देश एकाच वेळीं एकाच पडद्यासमोर बसण्याचा जो शेवटचा काळ, त्यांत हा वाघ अवतरला. रंगीत प्रक्षेपण तेथें १९७७ च्या फेब्रुवारीपासून नियमित झालें. तेव्हां बहुतेक घरांतून हा भरजरी पोशाखांतला राजपुत्र प्रथम काळ्यापांढऱ्या छटांतच दिसला. तरीहि मुलांचे खेळ, चित्रें, शीर्षकगीत यांतून तो घरोघर पोंचला. इतका कीं, नेपल्सकडील एका कुप्रसिद्ध टोळीनायकालाहि दाढीच्या साम्यावरून लोक 'सांदोकान' म्हणूं लागले.

इकडे आपल्याकडे काय होतें? मुंबईचें दूरचित्रवाणीकेंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजीं सुरू झालें होतें आणि १ एप्रिल १९७६ रोजीं दूरदर्शन हें आकाशवाणीपासून निराळें झालें. संच थोड्या घरीं, कार्यक्रम थोडा वेळ. त्यामुळें रोमच्या रस्त्यांत ज्याच्याभोंवतीं गर्दी जमे, त्याचें तें यश त्याच्या देशबांधवांनीं केवळ वर्तमानपत्रांत वाचलें. परदेशीं नांव काढणाऱ्या दूरचित्रवाणीच्या नटाची हीच अडचण असते. चित्रपटाच्या पेट्या देशोदेशीं फिरतात. दूरचित्रवाणीची मालिका मात्र त्या काळीं ज्या देशांत दाखविली जाई, तेथेंच बहुधा राहून जाई.

त्यानंतर सोल्लिमा यांच्याच दिग्दर्शनाखालीं बेदींनीं 'काळा चांचा' आणि सांदोकानचाच पुढील चित्रपट, असे दोन इटालियन चित्रपट केले. मग ते अमेरिकेकडे वळले. येथें प्रश्न पालटला. इंग्रजी तर त्यांची जवळजवळ मातृभाषाच. आतां आवाज उसना घेण्याची गरज नव्हती. पण आवाज आपला झाला आणि भूमिका परक्या झाल्या. अमेरिकन दूरचित्रवाणीवर त्या काळीं गव्हाळ वर्णाच्या, परक्या धाटणीच्या नटासाठीं जागा ठरलेल्या असत : अरब श्रीमंत, परदेशी राजपुत्र, गूढ खलपुरुष. तेथील मालिकांचे नायक कायमचे असतात आणि दर आठवड्याला एखादा पाहुणा नट येऊन जातो. 'डायनॅस्टी', 'नाइट रायडर', 'मॅग्नम', 'मर्डर, शी रोट' अशा नामांकित मालिकांतून बेदी दिसले, ते बहुतांशीं अशा पाहुण्याच्या नात्यानें. पाहुण्याचा पाहुणचार होतो. घर त्याचें होत नाहीं. १९८३ च्या 'ऑक्टोपसी' या बाँडपटांत ते गोबिंदा झाले. चित्रपट जगभर पाहिला गेला, उदयपूरचीं दृश्यें गाजलीं. पण हा गोबिंदा खलनायकाचा धिप्पाड अंगरक्षक, जवळजवळ मुकाच. इटलींत आवाज दुसऱ्याचा होता. येथें तर आवाजाचें कामच नव्हतें.

अमेरिकेंत दूरचित्रवाणीचा आणखी एक प्रकार आहे. वर्षानुवर्षें रोज दुपारीं चालणाऱ्या कौटुंबिक मालिका. त्यांपैकीं 'द बोल्ड अँड द ब्यूटिफुल' हींत बेदींनीं १९९४-९५ मध्यें आणि पुन्हां २००५ मध्यें मोरोक्कोचा राजपुत्र ओमर ही भूमिका केली. अशा मालिकेंत रोजच्या रोज पानें भरून संवाद पाठ करावे लागतात आणि फेरचित्रणाला सवड नसते; नाटकांत वाढलेल्या नटालाच तें झेपतें. ही मालिका शंभरांहून अधिक देशांत दाखविली गेली आणि इटलींत तर ती घरोघरचा परिपाठ झाली होती. म्हणजे अमेरिकेंत केलेल्या कामामुळेंहि ते पुन्हां इटालियन घरांतच पोंचले. मात्र अर्थातच पुन्हां डबिंगच्या आवाजांत.

मुंबईशींहि त्यांचें नातें तुटलें नव्हतें. १९८८ च्या 'खून भरी माँग'मध्यें रेखाबाईंच्या समोर त्यांनीं जो खलपुरुष उभा केला, तो आपणांपैकीं पुष्कळांना स्मरत असेल. लंडनच्या रंगभूमीवर २००५ मध्यें 'द फार पॅव्हिलियन्स' या संगीतिकेंत ते होते. आणि त्याच सुमारास निघालेल्या 'ताजमहाल' या हिंदी चित्रपटांत ते शहाजहान झाले. हा चित्रपट २००६ मध्यें पाकिस्तानांतहि दाखविला गेला. लाहोरला जन्मलेल्या नटाच्या चरित्रांत ही नोंद लहानशी, पण अर्थपूर्ण आहे.

आतां या कथेंतला मला सर्वांत मोलाचा वाटणारा भाग. १९९६ मध्यें 'सांदोकानचें पुनरागमन' ही मालिका निघाली, आणि बेदींचें इटलीला जाणें येणें वाढलें. हळूहळू ते इटालियन भाषा बोलूं लागले. २००४ मध्यें निर्जन बेटावर नामांकित मंडळींना ठेवून त्यांचें रोजचें वागणें दाखविणाऱ्या एका लोकप्रिय कार्यक्रमांत त्यांनीं भाग घेतला. तेथें आंखलेले संवाद नव्हते, डबिंग तर नव्हतेंच. परदेशी उच्चारांचें, अडखळत पण धीटपणें बोललेलें त्यांचें इटालियन प्रेक्षकांनीं ऐकलें. २००७ मध्यें 'उन मेदिको इन फामील्या' या घरगुती मालिकेंत त्यांनीं एका भारतीय कुटुंबप्रमुखाची भूमिका केली. लहानपणीं ज्यांनीं त्या वाघाचे खेळ खेळले, तीं मुलें आतां प्रौढ झालीं होतीं. त्यांच्या वाघाचा खरा आवाज त्यांना अठ्ठावीस तीस वर्षांनीं ऐकावयास मिळाला. ओळखीच्या आवाजाहून तो निराळा होता. उच्चार चुकत होते. पण तो त्याचा स्वतःचा होता. लोकांनीं त्याचें स्वागतच केलें. २०१० मध्यें इटालियन प्रजासत्ताकानें त्यांना 'काव्हालिएरे' हा किताब दिला.

श्रोतेहो, एका नटाच्या या भ्रमंतींतून कांहीं गोष्टी ध्यानांत येतात. पहिली ही कीं, चेहरा सीमा ओलांडून झटकन जातो. भाषेला मात्र प्रत्येक नाक्यावर थांबवून विचारपूस होते. दुसरी, परका देश आपणांस स्वीकारतो तो पुष्कळदां आपल्या खऱ्या रूपासाठीं नव्हे, तर त्याच्या मनांत आधींच असलेल्या चित्राशीं आपण जुळतों म्हणून. साल्गारीनें न पाहिलेला पूर्वेचा राजपुत्र इटालियनांनीं पिढ्यान्‌पिढ्या मनांत जपला होता. बेदींनीं त्याला देह दिला. १९६३ च्या चित्रपटांत तो स्टीव्ह रीव्ह्‌ज या अमेरिकन मल्लानें रंगविला होता, आणि २०२५ मध्यें 'राई'वर आलेल्या नव्या मालिकेंत तो जान यामान या तुर्की नटानें रंगविला. अमेरिकन, भारतीय, तुर्क. या तिघांत बोर्नियोचा कोणीच नाहीं! कल्पनेंतल्या देशाचें नागरिकत्व कोणालाहि मिळूं शकतें, फक्त खऱ्या देशवासीयांनाच तें मिळण्याची अडचण पडते, असें यावरून म्हणावें लागतें.

तिसरी गोष्ट आपल्याच घरची. आतां आपल्या पडद्यांवरहि रोज कितीतरी परभाषी मालिका व चित्रपट मराठी-हिंदी आवाजांत येतात. ते आवाज देणाऱ्यांचीं नांवें क्वचितच कोणास ठाऊक असतात. पीनो लोक्की यांचें निधन १९९४ मध्यें झालें. ज्या कीर्तीचा निम्मा वांटा त्यांचा होता, तिचे हार दुसऱ्याच्या गळ्यांत पडले, आणि यांत बेदींचा कांहीं दोष नव्हता. एकाला आवाजावांचून कीर्ति मिळाली, दुसऱ्याला चेहऱ्यावांचून अज्ञातवास. नभोवाणीच्या श्रोत्यांना तरी हा दुसरा माणूस परका वाटूं नये. एखाद्या परदेशी नटाचा अभिनय आपल्या भाषेंत पाहतांना आपण रंगून गेलां, तर शेवटच्या नामावळींत आवाज कोणाचा होता तें नांव शोधून अवश्य वाचावें, एवढीच विनंति.